व्हिडिओतली सासू

सौंदाणं मागे पडलं, तसा हायवेवरच्या ट्रकांचा आवाज निवला आणि देवळ्याच्या रस्त्याला लागलेली माणसं जरा मोकळेपणी चालू लागली. चैत्रातलं ऊन सकाळीच डांबरावर उतरलं होतं. धुळ्याहून सप्तशृंगीच्या गडाला निघालेला हा जथा. पुढे टेम्पो, टेम्पोवर देवीचा फोटो आणि भोंगे, त्यामागे झेंडे घेतलेली पोरं आणि सगळ्यात शेवटी बायका. सुनंदाबाईंच्या तळव्यांना फोड आले होते, त्यांवर त्यांनी जुन्या लुगड्याच्या चिंध्या गुंडाळल्या होत्या. त्यांची थोरली जाऊ इंदिराबाई मात्र साठी उलटली तरी अनवाणी, पाठ ताठ ठेवून चालत होत्या. समोर कुणीतरी बघत बसलंय, असं चालणं. चाळीस वर्षं स्टेजवर काढली, ती चालण्यातून जात नाहीत.

पायी येण्याचा नवस इंदिराबाईंचा होता. अमृतचं, त्यांच्या एकुलत्या एका मुलाचं लग्न ठरू दे, म्हणून. अमृत जळगावला पाइपच्या कंपनीत सुपरवायझर. पस्तिशी ओलांडलेला, निर्व्यसनी, अंगापिंडाने बरा. बोदवडच्या पुनमचं स्थळ पाडव्याच्या आधी पाहून झालं होतं. मुलगी सगळ्यांना आवडली होती. मध्यस्थ सुपडू आबा म्हणाले होते, दोनचार दिवसांत फोन येईल. ते दोनचार दिवस या वाटेवरच सरत होते. इंदिराबाई फोन पिशवीत टाकत नव्हत्या, हातातच धरून चालत होत्या. घामाने तो ओला व्हायचा, मग पदराने पुसायच्या.

एका वस्तीपाशी गावकऱ्यांनी मांडव घालून पायी जाणाऱ्यांना ताक ठेवलं होतं. तिथे टेकल्या न टेकल्या तोच कॉलेजातल्या चारपाच मुली जवळ आल्या. एकमेकींना कोपराने ढोसत होत्या. "तीच शे वं, व्हिडिओतली सासू." मग एकीने धीर केला. "आजी, एक डाव म्हणा ना ते."

इंदिराबाई म्हणाल्या, देवीच्या वाटेवर आहे बाळांनो, आज नको. पण मुली कुठल्या ऐकतात. मोबाईल आधीच वर झाले होते. शेवटी त्यांनी ताकाचा पेला खाली ठेवला, मान जराशी कलती केली आणि अगदी हळू, मायेने म्हणावं तसं म्हणाल्या, "राहू दे माय, तुले नही जमाव."

मुली किंचाळून हसल्या. सुनंदाबाईंच्या मात्र अंगावर काटा आला. दर वेळी यायचा.

ताक वाढणारी एक म्हातारी हे सगळं पाहत उभी होती. मुली पांगल्यावर ती इंदिराबाईंसमोर येऊन म्हणाली, "इतली गोड बोलस, मंग बहूले इतला तरास का देस वं?"

इंदिराबाईंनी हात जोडले. सांगितलं की आजी, ते नाटक आहे, त्यातली ती मुलगी माझी सून नाही, मला अजून सूनच नाही. म्हातारीने ऐकून घेतलं. मग म्हणाली, "नाटक व्हई. पन मनमा नही, ते तोंडमा कथाईन येई?"

मनात नाही ते तोंडात कुठून येणार, एवढं विचारून तिने त्यांच्या पेल्यात आणखी ताक ओतलं. इंदिराबाईंनी ते प्यायलं नाही. पेला तसाच सतरंजीवर ठेवून त्या उठल्या.

हे असं होतं, म्हणजे कसं होतं, ते कळायला जरा मागे जावं लागेल.

इंदिराबाई नरडाण्याच्या. वडील रेल्वेत गँगमन. घरात अहिराणीशिवाय दुसरी भाषा नव्हती. शाळेत अभिमन मास्तर होते, त्यांना संगीत नाटकाचं वेड. त्यांनी या मुलीचा आवाज ऐकला आणि बापाला येऊन सांगितलं, ही पोर मला द्या, मी हिला राणी करतो. बाप घाबरला, पण मास्तरांचा शब्द मोडायची हिंमत नव्हती. मास्तरांची धुळ्याला नाटक मंडळी होती. पौराणिक नाटकं करायची. तिथे पहिलं वर्षभर इंदिराला नुसतं बोलायला शिकवलं. तोंडात सुपारी धरून श्लोक म्हणायचे. "आहे"च्या जागी अहिराणीतला "शे" आला की मास्तर टाळी वाजवून थांबवायचे आणि पहिल्यापासून म्हणायला लावायचे. वर्षभराने नरडाण्याला घरी गेली, तर आई म्हणाली, पोरी, तू तर बामणीण झालीस.

पण राणी झाली हे खरं. शिंदखेड्यापासून चोपड्यापर्यंत, जिथे जत्रा तिथे मंडळीचा खेळ. शापित राणी, वनवासी राणी, सवतीने छळलेली राणी. पहिल्या अंकात शालू, तिसऱ्या अंकात वल्कलं. तबल्यावर नवल असायचा. त्याच्याशीच लग्न झालं. नवलची आई पुष्पाबाई हिने सूनमुख पाहायला म्हणून आरसा हातात घेतला, तो तसाच शेजारणीकडे दिला आणि म्हणाली, हिचं तोंड गावाने पाहिलंय, मी वेगळं काय पाहू.

सुनंदाबाई धाकटी सून म्हणून त्या घरात आल्या तेव्हा इंदिराबाईंची तिथली सात वर्षं झाली होती. पुष्पाबाई ओरडायची नाही, मारायची नाही. तिचं सगळं हळू. पाटावर बसलेल्या सुनेपुढे भाकरीची टोपली धरून इतक्या मऊ आवाजात "अजून देऊ, की पुरं?" म्हणायची की तोंडातून "पुरं" याशिवाय दुसरं निघायचंच नाही. कणीक मळायला घेतली की जवळ येऊन उभी राहायची, थोडा वेळ बघायची आणि मग परात ओढून घ्यायची. "राहू दे माय, तुले नही जमाव." तुला नाही जमायचं, एवढंच. दोघी सुनांनी आपापली वर्षं त्या वाक्याखाली काढली. इंदिराबाईंना बक्षीस मिळालं, नाट्यस्पर्धेत, पहिलं. ढाल घेऊन घरी आल्या, तर पुष्पाबाईने ती हातात घेऊन वजन पाहिलं आणि म्हणाली, पितळ चांगलं आहे, हंड्याला झाकण होईल.

एकदा सिनेमाही झाला. तापीच्या काठावर शूटिंग होतं, मोठ्या शहरातली माणसं आली होती. इंदिराबाईंना तीन वाक्यांचं काम मिळालं. सगळं घर धुळ्याला टॉकीजमध्ये बघायला गेलं. घाटावर पाणी भरणाऱ्या बायका आल्या, त्यांतली एक पाठमोरी होती, ती इंदिराबाई. वाक्यं कापली होती. परत येताना रिक्षात पुष्पाबाई म्हणाली, "पाठ सुरेख आली हो तुझी."

सुनंदाबाईंना ते अजून आठवतं, कारण त्या दिवशी रिक्षात त्यांना हसू आलं होतं आणि इंदिराबाईंनाही. दोघी तोंडात पदर कोंबून हसल्या होत्या. दुसरं करायला काही नव्हतं.

पुढे अभिमन मास्तर गेले, मंडळी मोडली, नाटकाचं थिएटर बंद पडून तिथे लग्नाचा हॉल झाला. नवल गेला. पुष्पाबाई त्याच्या आधीच गेली होती, पिकलं पान होऊन, गावजेवण घालून. इंदिराबाई साड्यांना फॉल-पिको करून द्यायच्या. शाळेच्या गॅदरिंगला कुणी बोलावलं तर मुलांची नाटकं बसवायच्या. त्यांना वाटायचं, संपलं.

तेव्हा धुळ्यातल्याच देवपुरातला किरण आला. मोबाईल आणि तीन पायांचा स्टँड घेऊन. अहिराणी कॉमेडीचे व्हिडिओ करायचा. सासू-सुनेची जोडी हवी होती. इंदिराबाई आधी नाहीच म्हणाल्या. जी भाषा सुपारी धरून जिभेवरून खरवडून काढली, तीच आता बोलायची, आणि तीही हसं करायला. किरण रोज यायचा, बाहेर ओट्यावर बसायचा, चहा घ्यायचा, काही न बोलता जायचा. शेवटी त्या म्हणाल्या, बरं, एक करू.

बाकीचे नट त्या व्हिडिओंत आरडाओरडा करायचे, डोळे वटारायचे, लाटणी फेकायचे. इंदिराबाईंनी किरणला सांगितलं, मी आवाज चढवणार नाही. मोबाईल जवळ आहे ना, मग मला लांबच्या माणसाला ऐकवायचं कारण काय? आणि मान जराशी कलती करून त्यांनी ते वाक्य म्हटलं.

सुनंदाबाईंच्या मुलाने तो व्हिडिओ त्यांना स्वयंपाकघरात आणून दाखवला. त्या भाजी चिरत होत्या, विळी तशीच राहिली. पडद्यावर पुष्पाबाई होती. तोच आवाज, तीच मान, पदराचं टोक दोन बोटांत धरायची तीच तऱ्हा. मेलेलं माणूस परत येऊन परातीशी उभं राहिलं होतं. मुलगा हसत होता, सगळा जिल्हा हसत होता. त्या दोघींशिवाय कुणाला ठाऊक नव्हतं की हे कोण आहे. सुनंदाबाईंनी देवापुढे दिवा लावला आणि म्हातारीच्या नावाने हात जोडले, उगाच, भीतीने.

चाळीस वर्षं राणी होऊन जे मिळालं नाही, ते एका महिन्यात मिळालं. बाजारात माणसं ओळखू लागली. पण म्हणायची काय? छान काम करता, असं कुणी म्हणायचं नाही. म्हणायची, कसली खडूस बाई आहे. भाजीवाली वजनात मारायची आणि वर म्हणायची, तुला हेच पाहिजे. एकदा जळगावच्या स्टँडवर एक नवी नवरी बाकावर शेजारी बसली होती. तिने वळून पाहिलं आणि झटकन डोक्यावर पदर घेऊन उठून उभी राहिली. इंदिराबाई घरी येऊन हे सांगताना हसल्या होत्या. अभिमन मास्तर असते तर त्यांनी हार घातला असता, म्हणाल्या. नटाला याहून मोठं काय.

मग अमृतसाठी स्थळं पाहायला सुरुवात झाली आणि ते हसू गेलं.

आपल्याकडे मुलींचा असा दुष्काळ आहे की चांगल्या घरची मुलं चाळिशीला आली तरी बाशिंग दिसत नाही. त्यात मुलीकडचे चौकशीला आले की आधी मोबाईल काढायचे. पहिल्या स्थळाला मुलीची आई पाणी प्यायली, इंदिराबाई चहाचा ट्रे घेऊन बाहेर आल्या, तशी ती बाई उठलीच. मुलगा सोन्यासारखा आहे, पण पोर जाणूनबुजून विहिरीत ढकलायची का, असा निरोप आला. दुसऱ्या वेळी इंदिराबाईंनी ठरवलं, आपण चांगलं गोड बोलायचं, पोरीला लेक म्हणायचं. पण त्या जितक्या गोड बोलत गेल्या, तितके पाहुणे एकमेकांकडे बघत गेले. गोड बोलणं हेच तर त्या सासूचं हत्यार होतं, सगळ्यांना पाठ होतं. तिसऱ्या वेळी त्या गप्प बसल्या. तर ते म्हणाले, बघा, आत्तापासून तोंड उघडत नाही, पुढे काय.

त्यांनी काम सोडलं. किरणकडे गेल्या आणि म्हणाल्या, होते तेवढे काढून टाक. किरण पाया पडला. म्हणाला, "काकू, चॅनल तुमच्यावर उभं आहे. तुम्हाला काढलं तर माझ्याकडे उरतं काय?" त्याचंही खोटं नव्हतं, त्याचाही संसार त्यावर. त्याने प्रत्येक व्हिडिओखाली पात्रं काल्पनिक असल्याची ओळ टाकली. ती कोण वाचतंय. आणि पात्र काल्पनिक नव्हतं, हे त्याला कुठे माहीत होतं.

बोदवडचे पाहुणे त्यातल्या त्यात वेगळे निघाले. पुनमचे वडील शांत माणूस. इंदिराबाईंनी त्यांना आल्याआल्याच सांगून टाकलं की ती मीच, आता विचारा काय ते. ते म्हणाले, "आम्हाला कळतं हो. नाटक ते नाटक." पुनमने जाताना इंदिराबाईंच्या पाया पडून, न सांगता, कपबश्या आत नेऊन ठेवल्या. तेवढ्यावर इंदिराबाई गडाला निघाल्या होत्या.

ताकाच्या मांडवातून निघाल्यावर तासाभराने फोन वाजला, तो इंदिराबाईंच्या हातातला नाही. सुनंदाबाईंचा वाजला. अमृत होता.

त्यांनी पावलं हळू केली आणि इंदिराबाईंना पुढे जाऊ दिलं. अमृत म्हणाला, होकार आला आहे. सुनंदाबाईंनी चालता चालताच गडाच्या दिशेने हात जोडले. मग तो म्हणाला, पण.

पण असं होतं की पुनमच्या वडिलांची हरकत नव्हती, त्यांच्या भावकीची होती. भावकीचं म्हणणं, लग्नात दोनचार हजार माणूस येणार. ती बाई मांडवात उभी राहिली की लोक नवरा-नवरी सोडून तिचे व्हिडिओ काढतील. दुसऱ्या दिवशी आमची पोर सगळ्या खान्देशात त्या सासूची सून म्हणून फिरेल, हसं होईल. तेव्हा मुलाच्या आईने मांडवात पुढे येऊ नये. नवल तर नाहीतच, सगळ्या विधींना काका-काकू बसतीलच, तर सूनमुख पाहायचं तेही काकूंनीच पाहावं. आणि लग्नानंतर पोरं जळगावला राहतील, आईने धुळ्यात राहावं. एवढं मान्य असेल तर अक्षय्य तृतीयेला टिळा.

सुनंदाबाई म्हणाल्या, आणि तू काय सांगितलंस?

तिकडून बराच वेळ कंपनीतल्या मशीनचा आवाज येत राहिला. मग अमृत म्हणाला, "काकू, माझं वय किती झालं ते तुला माहीत आहे. आईला तूच सांग. मला नाही सांगता यायचं."

फोन ठेवला तेव्हा इंदिराबाई बऱ्याच पुढे गेल्या होत्या. सुनंदाबाई चालत राहिल्या. रस्त्याच्या कडेला कांद्याच्या चाळी, त्यांच्या सावलीत झोपलेली माणसं, टेम्पोवरून येणारी देवीची गाणी. त्यांना वाटलं, आई, तुझ्याकडे येईपर्यंत तरी थांबायचं होतंस. गडावर पोहोचल्यावर सांगू, ओटी भरून झाल्यावर, असं त्यांनी ठरवलं. नवसाचं चालणं आहे, मधेच मोडायला नको.

इंदिराबाई निंबाखाली थांबल्या होत्या. सुनंदाबाई जवळ आल्यावर म्हणाल्या, "फोन अमृतचा होता ना?"

"नाही, घरून. उगाच."

"फोन आल्यापासून तू मागे मागे चालतेस, सुनंदा. हो म्हणाले की नाही?"

"हो म्हणाले."

"मग?"

सुनंदाबाईंना खोटं रेटता येईना. त्यांनी सगळं सांगितलं, मांडवाचं, जळगावचं, सूनमुखाचं. सांगताना त्या निंबाच्या बुंध्याकडे बघत होत्या. इंदिराबाईंनी मधे एकदाही अडवलं नाही. संपल्यावर विचारलं, "अमृत काय म्हणाला?"

"तो गप्प होता."

"गप्प होता म्हणजे हो म्हणाला." त्यांनी हातातला फोन पिशवीत टाकला. मग म्हणाल्या, "आपल्या म्हातारीने दावा साधला बघ. एकदा जिवंतपणी सून म्हणून नाकारलं, आता मेल्यावर सासूही होऊ दिलं नाही."

सुनंदाबाईंचा संताप अनावर झाला. त्या म्हणाल्या, मी जाते बोदवडला. मी सगळ्यांसमोर सांगते की ती तू नव्हेस, ती आमची सासू होती, आम्ही दोघींनी भोगलंय ते. देवीची शपथ घेऊन सांगते.

"नको. मेलेल्या बाईचं नाव काढून पोराचं लग्न लावायचं? आणि ते खरंही नाही पूर्ण. तुला सांगू? एवढ्या राण्या केल्या, पण एकीतही मला इतकं बरं वाटलं नाही. ती मान कलती केली की माझ्या अंगात जोर यायचा. ती सून रडायची ना समोर, खोटंखोटं, तेव्हा मला गोड लागायचं. ताकवाली म्हातारी खोटं बोलली नाही." इंदिराबाईंनी पदराने तोंड पुसलं. "उद्या पुनम कणीक मळायला बसली आणि माझ्या तोंडून ते निघालं तर? तेव्हा ते नाटक असेल का, कोण सांगणार. त्यांची भावकी शहाणी आहे."

देवावर भरवसा ठेव, हे शब्द सुनंदाबाईंच्या ओठापर्यंत आले आणि तिथेच राहिले. जथा बराच पुढे गेला होता, झेंडे वळणाआड दिसेनासे होत होते. त्यांनी म्हटलं, चला अक्का, मागे राहू. इंदिराबाई निघाल्या नाहीत. त्यांनी सुनंदाबाईंचे खांदे दोन्ही हातांनी धरले आणि त्यांना जरा फिरवून रस्त्याकडे तोंड करून उभं केलं. मंडळीत नव्या मुलींना उभं करायच्या, तसं.

"आरसा डाव्या हातात धर. उजव्या हाताने तिची हनुवटी वर करायची, पण ओढायची नाही, तिने आपण होऊन वर बघितलं पाहिजे. घाई करायची नाही. लोक हसतील, फोटोवाला पुढे व्हा म्हणेल, बघायचं नाही त्याच्याकडे. आधी आरशात बघ, मग खरं तोंड बघ."

"अक्का, माझ्याने नाही होणार."

"होईल. आणि मी त्या दिवशी घरीच असेन, कुठे जाणार. लग्न आटोपलं की गाडीतून उतरून आधी माझ्याकडे ये, साडीसुद्धा बदलू नको. आणि ती आरशात कशी दिसली, तिने तुझ्याकडे कसं पाहिलं, ते मला सांगू नको, सुनंदा. माझ्यासमोर उभी राहा आणि मला करून दाखव."